घुमटगडाचं वर्ष कुठे अडलं

दिंद्रुड,
डब्यांचा महिना, पाखरं दुसऱ्यांदा उतरायची वेळ.
(तारीख का घातली नाही ते पुढे येईलच. घाई करू नकोस.)

प्रिय मने हिला बबीचा सप्रेम नमस्कार.

पत्रास कारण की, तू नाराज असशील. तुझ्या पुस्तकांवर 'मनकर्णा' असं ठसठशीत छापून यायला लागल्यापासून 'मने' लिहिताना माझा हात जरासा अडखळतो, पण बोटांना सवय तीच आहे, तर चालवून घे. तुझी मान कशी आहे? मागे म्हणाली होतीस की लिहायला वाकलं की मानेतून आवाज येतो. डॉक्टरला जरूर दाखव, पण त्याआधी तो आवाज कसा येतो ते मला नीट कळव: वाळलेली शेंग मोडल्यासारखा, की दाराच्या बिजागरीसारखा. तुझ्या कामामुळे माझी गत अशी झाली आहे की माणसाच्या दुखण्यापेक्षा ते वाजतं कसं याचीच चौकशी आधी सुचते. इकडे आम्ही दोघी, म्हणजे मी आणि सासूबाई, बऱ्या आहोत. थंडी बेताची आहे. ज्वारी हुरड्यावर आली आहे. सासूबाईंचा आशीर्वाद. (मी पत्र लिहिते आहे हे त्यांना अजून माहीत नाही, पण आशीर्वाद त्या विचारून देत नाहीत.)

आता कामाचं. तू फोनवर जे सांगितलंस ते मी पुन्हा लिहून काढते, म्हणजे माझीच समजूत उलटी झाली असेल तर दोष कुणाचा ते कळेल. मुलांसाठीच्या तुझ्या नव्या पुस्तकातलं घुमटगड नावाचं राज्य एका डोंगराच्या पोटात आहे. तिथे सूर्य नाही, चंद्र नाही, उजेड नावाची गोष्टच कुणाला ठाऊक नाही. सगळा व्यवहार कानांवर. त्यामुळे त्या लोकांचं कॅलेंडरही आवाजाचं पाहिजे: दिवस कधी उगवतो, महिना कधी पालटतो, सण कधी, नवं वर्ष कधी, सगळं ऐकून कळायला हवं. आणि तू म्हणालीस, बबे, हे तू बसव. तुझ्याकडे वेळच वेळ आहे आणि तुमच्या गावात शांतताही आहे. वेळच वेळ आहे हे वाक्य मला थोडं टोचलं. (दोन दिवसच.) पण शांततेचं तू खरं बोललीस. दिवाळीच्या मागेपुढे ऊसतोडीच्या टोळ्या निघाल्या की आमच्या गल्लीत शांतता पोती भरून ठेवावी इतकी साचते. आमचे हे ट्रॅक्टर घेऊन कारखान्याकडे जातात ते शिमग्यानंतर परत. निघताना ट्रॅक्टरवर गाणी लावलेली असतात, तीही एवढ्या मोठ्यानं की निरोपाचं कुणी काही बोललं तरी ऐकू जाऊ नये. मग ते गाणं वेशीपर्यंत ऐकू येतं, मग ओढ्यापर्यंत, मग शब्द गळून नुसता ठेका उरतो, आणि तोही गेला की गल्लीत एकामागून एक कुलपं लागल्याचे आवाज. मी कॅलेंडरची सुरुवात तिथूनच केली. पहिला महिना कुलपांचा.

त्याच्यानंतर डब्यांचा. ज्वारीवर पाखरं उतरतात, आणि मागे राहिलेली म्हातारी माणसं शेतातल्या माळ्यावर उभी राहून पत्र्याचे डबे बडवतात, तो हा चालू महिना. पुढे चिंचा झाडावर वाळून वाऱ्यानं खुळखुळायला लागतात तो चिंचांचा, मग मळणीयंत्राचा, मग हंडे-घागरींचा (टँकर आला की काय होतं ते तू विसरली असशील, पुण्यात पाणी न भांडता येतं म्हणे), मग बेडकांचा, मग पोळ्याला बैलांच्या गळ्यात घुंगरं चढतात तो घुंगरांचा, मग कापसाची बोंडं फुटतात तो. बोंड फुटताना आवाज होतो का, असं तू विचारशील. होतो. पण तो ऐकू यायला घरात फार कमी माणसं लागतात.

हे सगळं लिहून झाल्यावर मला एकदम आठवलं की आमच्या भिवराबाईंची, म्हणजे सासूबाईंची, घुमटगडात काहीच सोय नाही. त्यांना आता ऐकू येत नाही हे तुला माहीत आहे. माझ्या युवराजनं पहिल्या पगारातून कानाचं यंत्र आणलं होतं, ते त्यांनी एक संध्याकाळ लावलं आणि "घर लई वरडतंय" म्हणून काढून मिश्रीच्या डबीशेजारी ठेवून दिलं. ते अजून तिथेच आहे. आमचं बहुतेक बोलणं हातांनी होतं. चहासाठी अंगठा ओठाशी, पाण्यासाठी ओंजळ, युवराजचा फोन आला होता हे सांगायला कानाशी मूठ. भांडणही हातांनीच होतं, पण तू समजतेस तसं नव्हे. तर तुझ्या राज्यात सासूबाईंचा एकही दिवस उगवणार नाही, एकही वर्ष संपणार नाही, आणि त्या कायमच्या साठीच्या राहतील. मी हे त्यांना हातांनी समजावून सांगायचा प्रयत्न केला. त्यांना वाटलं मी त्यांचं वय विचारते आहे. त्यांनी चिडून माझंच विचारलं.

पण नुसतं बसून केलेलं कॅलेंडर खरं कसं मानायचं? स्वयंपाक आधी आपण चाखतो, मग वाढतो. म्हणून मी ठरवलं की थोडे दिवस घुमटगडाप्रमाणे राहून बघायचं. भिंतीवरचं कॅलेंडर गुंडाळून ट्रंकेत टाकलं, घड्याळाचा सेल काढला, फोन तांदळाच्या डब्यात उभा केला. (वाजला की काढायचा, पण त्यातली वेळ बघायची नाही.) आणि नियम केले. देवळाच्या भोंग्यावर काकडा लागला की दिवस उगवला. शेजारच्या बायनाबाईंनी भिंतीवरून "युवराजची आई, निवली का चूल?" असं विचारलं की दुपार. त्यांच्या शेळ्या परत आल्या की संध्याकाळ. रोज काकडा लागला की वाटीत एक चिंचोका टाकायचा. शेवटचा नियम असा की तारेतून आलेला आवाज कॅलेंडरात धरायचा नाही: फोन नाही, टीव्ही नाही. (भोंग्याला सूट दिली, कारण तो देवाचा आहे.) हा नियम मी एका रविवारी युवराजचा फोन झाल्यावर केला. "मम्मी बरंय ना, बरं ठेवतो, मीटिंग हाय," एवढंच तो बोलला होता. रविवारी कसली मीटिंग असते हे तुला पुण्यात राहून माहीत असेल, मला विचारायचं धाडस झालं नाही.

दोन-तीन दिवस राज्य सुरळीत चाललं. मग देवळाचे अर्जुनराव लेकीकडे माजलगावला गेले. जाताना त्यांनी देवाला कुलूप घातलं, पण भोंग्याचं बटण चालूच ठेवलं, कारण सकाळी लाइट आली की काकडा आपोआप लागावा. भक्ती मोठी, पण आमची लाइट त्यांच्यासारखी नेमाची नाही. एक दिवस सकाळचा काकडा रीतसर झाला, मी कामं उरकली, दुपारी लाइट गेली आणि दिवेलागणीला आली. आली तशी काकडा सुरू. आता मला डोळे आहेत, मने, बाहेर अंधार पडतोय हे मला दिसत होतं. पण नियम म्हणजे नियम. मी चिंचोका टाकला, झाडू घेतला, अंगणात सडा घातला आणि रांगोळी काढायला बसले. सासूबाई दारात येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "कावून गं, कोण येणार हाय का?" कुणी येणार नव्हतं. मी हातानं नाही म्हटलं. त्या बराच वेळ रांगोळीकडे बघत राहिल्या, मग आत जाऊन लुगडं बदलून आल्या. कुणी आलंच तर, म्हणून. त्या दिवशी तेवढ्या एका गोष्टीचं मला हसू आलं नाही.

त्या आठवड्यात लाइटनं नुसता खेळ मांडला, त्यामुळे घुमटगडात कधी दुपारी पहाट झाली, कधी पहाटेवर पहाट. चिंचोके भराभर वाढले. यातून पुढचा अनर्थ झाला. आमच्या गल्लीत सध्या चुली दोनच पेटतात, माझी आणि बायनाबाईंची. त्यांची मुलं-सुना टोळीत गेलेली आहेत. मागे त्या, शेळ्या आणि गळ्यातली तुळशीची माळ. त्यांना वाचता येत नाही, म्हणून एकादशी माझ्याकडे विचारतात. कॅलेंडर माझ्या घरात आहे आणि माझा शब्द छापील आहे, असा त्यांचा इतक्या वर्षांचा विश्वास. त्यांनी भिंतीवरून विचारलं, एकादशी कधी हाय? ट्रंक उघडायला मला दोन मिनिटं लागली असती. पण घुमटगडाची राणी ट्रंक उघडत नाही. मी वाटीतले चिंचोके ओतले, मोजले, आणि सांगितलं, उद्या.

ती उद्या नव्हती. बायनाबाईंनी भलत्याच दिवशी भगर-शेंगदाण्याची आमटी करून देवाचं नाव घेतलं, आणि खऱ्या एकादशीला पिठलं-भाकरी करून वर कांदा फोडून खाल्ला. आयुष्यात एकादशी न मोडलेली बाई. तोंडाला कांद्याचा वास असतानाच वरच्या आळीची भजनातली बाई उपासाची केळी घेऊन दारात आली. मग काय झालं ते मी भिंतीच्या अलीकडून ऐकलं. काहीच ऐकू आलं नाही, हेच ऐकलं. बायनाबाई ओरडतील, मला शिव्या देतील, अशी मी वाट बघत बसले होते. तयारीनं कानावरचा पदरसुद्धा मागे घेतला होता. त्या एक शब्द बोलल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मी केळी आणि माफी दोन्ही घेऊन गेले. त्यांनी केळी शेळीला घातली. मग शेळीकडेच तोंड करून म्हणाल्या, "इचार गं त्यान्ला, उद्या तरी उद्याच हाय का म्हणून."

तेव्हापासून अबोला आहे. जे काही सांगायचं ते शेळीमार्फत. शेळी बिचारी मध्यस्थ म्हणून प्रामाणिक आहे, पण तिचा निरोप पोचवण्याचा वेग कमी. (काल बायनाबाई तिला म्हणाल्या की शेजारच्यांचं दूध उतू चाललंय वाटतं. मी धावत गेले, खरंच उतू चाललं होतं.) हसू नकोस, मने. बरं, हस. पण कॅलेंडरचं काय झालं ते बघ. "युवराजची आई, निवली का चूल?" हा आवाज बंद झाला, म्हणजे माझ्या दिवसातली दुपार गेली. सकाळ होते, आणि मग एकदम शेळ्या येतात. मधला सगळा वेळ कुठे ठेवायचा ते घुमटगडाच्या राणीला कळेना. मी ट्रंक उघडली, कॅलेंडर पुन्हा खिळ्याला लावलं, घड्याळात सेल घातला. आता घरात पुन्हा टिकटिक आहे. टिकटिक विचारत काही नाही.

तरीही तुझं काम मी सोडलं नव्हतं. सगळं झालं होतं, एक नवं वर्ष राहिलं होतं. वर्ष सुरू व्हायला आवाज कुठला द्यावा? बेडूक येतात, घुंगरं येतात, ट्रॅक्टरसुद्धा येतात, ते सगळे सगळ्यांसाठी येतात. नव्या वर्षाचा आवाज असा पाहिजे की ऐकणाऱ्याला वाटावं, हा माझाच. खूप विचार करून मी लिहिलं: घुमटगडात प्रत्येकाचं नवं वर्ष वेगळं असतं. बाहेरून कुणीतरी तुमच्या नावानं हाक मारली, की तुमचं वर्ष सुरू. मला हे फार आवडलं. चहा करून घेतला. मग सहज स्वतःचं वर्ष मोजायला बसले आणि तिथे अडकले.

तुला आठवतं ना, लग्नात यांच्या घरच्यांनी माझं नाव बदललं. ताटात तांदूळ पसरून यांनी अंगठीनं 'रोहिणी' लिहिलं आणि सगळ्यांनी सांगितलं म्हणून एकदा मोठ्यानं वाचलं. ते पहिलं आणि शेवटचं. तेही घाईत, कारण पंगत खोळंबली होती. त्यानंतर मी 'अगं', 'ऐकलं का', 'युवराजची आई', 'काकू', 'वहिनी'. बबिता शाळेच्या दाखल्यावर राहिली आणि रोहिणी त्या तांदळात. ते तांदूळ दुसऱ्या दिवशी भातात गेले असणार. तेव्हा तुझ्या राज्याच्या हिशोबानं मी अजून लग्नाच्याच वयाची आहे. (केस मात्र घुमटगडाचा कायदा मानायला तयार नाहीत.) वर्ष सुरू करून तर बघू, म्हणून मी खटपट केली. दवाखान्यात बीपी दाखवायला गेले, वाटलं तिथे नावानं पुकारतील. सिस्टर म्हणाली, "चला मावशी, पुढं सरका." बँकेत आकडा पुकारतात. शेवटी तारेचा नियम मोडून मी यांना फोन लावला आणि म्हटलं, एकदा माझं नाव घ्या.

पलीकडे ट्रॅक्टर धडधडत होता. हे म्हणाले, "कावून? काय झालं? आई बरी हाय ना?" मी म्हटलं, आई बऱ्या आहेत, तुम्ही नाव घ्या. "कुणी काय बोललं का तुला?" नाही. मग नुसता ट्रॅक्टर. त्या आवाजात मला एवढं कळलं की हा माणूस खरोखर प्रयत्न करतो आहे. शेवटी म्हणाले, "गाडी भरायलीत, ठेवतो." थोड्या वेळानं परत फोन आला, मला वाटलं आता घेतात. विचारत होते, ताप तर नाही ना, आणि असला तर गोळी कुठली घ्यायची. रागवावं असं त्यात काही नव्हतं. मी गोळी घेतली. ताप नव्हता.

म्हणून कॅलेंडर अपुरं पाठवते आहे. महिने आहेत, दिवस आहेत, वर्ष तेवढं अडलेलं आहे. उशीर झाला याबद्दल रागावू नकोस. मानेला शेक दे. कमी लिहीत जा असं सांगणार होते, पण मग मला काम कोण देणार.

तुझी,
बबी

ता. क. : वरचं पुन्हा वाचून पाहिलं. तुझ्या पुस्तकासाठी एवढं पुष्कळ झालं. नवं वर्ष तू तिकडे बसून एखादी तुतारी वाजवून सुरू कर, मुलं काही विचारणार नाहीत. म्हणजे तुझ्या कामाचं पत्र कधीच लिहून झालं होतं. हे पत्र त्याचं नाही.

आणखी ता. क. : हुरडा संपायच्या आत ये. फोन करू नकोस, तारेचा नियम मी पुन्हा लावला आहे. एसटीतून उतरून मारुतीच्या पारापाशी उभी राहा आणि माहेरी उमापूरला लिंबाखालून मारायचीस तशी 'ए बबेऽऽ' अशी एक हाक मार. (आमचे बापू म्हणायचे ना, "आला बघ भोंगा.") आत येऊन बसलंच पाहिजे असं नाही, हाक मारून परत गेलीस तरी चालेल. हे खोटं आहे. चार दिवस राहा. आणि वाटेत बायनाबाईंनी शेळीला काही विचारायला लावलं, तर सांग की आज आजच आहे.

शेवटचं : मी एवढं काय लिहिते आहे म्हणून सासूबाई मघापासून समोर येऊन बसल्या आहेत. कुणाला, असं त्यांनी बोटं फिरवून विचारलं. तुझी खूण आमच्या हातांच्या भाषेत नाही, म्हणून मी तोंडाभोवती दोन्ही तळवे धरून हाक मारल्याचा आव आणला. त्यांना लगेच कळलं. "ती व्हय, उमापूरची? तुझ्या लग्नात गाडी निघाली तवा मागून वरडली ती. अख्खं वऱ्हाड दचकलतं." मी पत्राची घडी घालायला लागले तेव्हा माझा हात धरून म्हणाल्या, "येणार असली तर मलाबी एक हाक मार म्हणावं. भिवरा म्हण. लई दिस झाले, कुणी म्हणलं न्हाई."

तर हाका दोन मारायच्या आहेत. दुसरी जरा मोठ्यानं. घसा जपून ये.